जिची कविता, तिने वाचायची नाही

४ मार्च

सन्माननीय कवयित्रीबाईंना,

आपला नवा संग्रह आमच्याकडच्या दुकानात आला. जाड पुठ्ठा, गुळगुळीत कागद, मागे आपला फोटो. फोटोत आपण हनुवटीखाली हात घेऊन दूर क्षितिजाकडे पाहता आहात. क्षितिज कसलं, फोटो काढणाऱ्याने 'इकडे बघा बाई' म्हणून भिंतीवरचा पंखा दाखवला असणार. दात मात्र झकास आलेत. डावीकडच्या वरच्या सुळ्यावरची टोपी मी घडवलेली, ती अजून रंग धरून आहे. म्हणजे माझ्या हातचं काहीतरी तुमच्या तोंडात आहे म्हणायचं.

पुरे झालं हे 'आपण' आणि 'आहात'. माझ्याच्याने होत नाही. ऐक, मास्तरीण. माझा नंबर तू कधीच बंद केलास, म्हणून प्रकाशकाच्या पत्त्यावर लिहितेय. तिथला कुणीतरी हे आधी फोडून वाचेल. वाचू दे, त्याचीही करमणूक होईल.

'पांढरा चुरा' अगदी सुरुवातीलाच छापलीस. खाली तुझं नाव. मुलाखतही वाचली. 'या कवितेची मला फार मोठी किंमत मोजावी लागली.' लॅबमध्ये डबा खाताना वाचलं आणि इतकी हसले की शेजारच्या टेबलावरच्याने हातातली कवळी खाली ठेवून विचारलं, काय झालं. कसली किंमत गं? लांबचं विमानाचं तिकीट? की तिकडच्या विद्यापीठातली खोली, खिडकीसकट?

मुलाखतीत बरंच काही गळलंय, म्हणून आठवण करून देते. सायकलच्या दुकानावरच्या खोलीत आपण बायका जमायचो. नर्स, दोघी शिंपिणी, तू कॉलेजात शिकवणारी, मी दात करणारी, आणि कंडक्टर. कविता करायच्या आणि जिथे बायकांचं काही चाललं असेल, संप, धरणं, पोलीस चौकीसमोरचा ठिय्या, तिथे जाऊन वाचायच्या. आणि आपला एक नियम होता. जिची कविता, तिने वाचायची नाही. सगळ्या कविता बिननावाच्या, तेलाच्या रिकाम्या डब्यात घालायच्या, ज्या बाईच्या हाताला जी येईल ती तिने वाचायची. कुणाची म्हणून कुणी विचारलं तर सांगायचं नाही. म्हणजे कुणाच्या घरी भांडण नको, कुणाच्या नोकरीवर गदा नको, आणि मोठी कवयित्री म्हणून कुणी डोक्यावर बसायला नको. हा नियम तुझा होता. किती सुंदर बोलली होतीस तू त्या दिवशी! मी तर भाळलेच होते.

कंडक्टर आपल्यातली एकटी, जिला माईक लागायचा नाही. भरलेल्या बसमध्ये मागच्या दारातून ड्रायव्हरला ओरडून ओरडून तिचा आवाज तसा झाला होता. तिला कविता करता यायच्या नाहीत. एकदा केली तर ती बसच्या थांब्यांसारखीच झाली, एकामागून एक, आणि शेवटी डेपो. म्हणायची, "मला लिहिता येत नाही, पण दुसरीने लिहिलेलं मागच्या सीटपर्यंत पोचवता येतं."

फरशीच्या कारखान्यातल्या बायकांच्या संपात डब्यातून तिच्या हाताला तुझी कविता आली. 'तुझ्या नखांत अडकलेला पांढरा चुरा माझ्या पाठीवर कोणती भिंत रंगवतो' म्हटल्यावर त्या बायकांना वाटलं, आपल्याच फरशीच्या चुऱ्याची गोष्ट आहे. टाळ्या वाजवल्या त्यांनी. तो चुरा फरशीचा नव्हता, लॅबमधल्या प्लॅस्टरचा होता, माझ्या नखांतला, हे तिथे फक्त दोघींना माहीत होतं. मग पुढे 'दार लावून घे, बाई, बाहेर जग हजेरी घेतंय'. तिथे फाटकापाशी एकदम शांतता झाली. कंडक्टर थांबली नाही. तिने ते अशा जिवाने वाचलं की मला मान वर करता येईना. कुणीतरी ते फोनवर टिपलं, आणि ते फिरत फिरत तिच्या नवऱ्याकडे गेलं. तो विम्याचा एजंट. लोकांच्या मरणाचा हिशेब करणारा माणूस, त्याला कविता कशी चुकणार?

कोर्टात तिला विचारलं, बाईने बाईवर लिहिलेली ही प्रेमकविता तुमची का? तिने सांगितलं, "आमच्यात सांगत नाहीत." एवढंच. त्या उत्तराने तिची मुलगी नवऱ्याकडे गेली. ठकी तेव्हा पाच वर्षांची होती.

आता जूनमध्ये पुन्हा सुनावणी आहे. न्यायाधीश नव्या आहेत, वकीलबाई बऱ्या आहेत. त्यांचं म्हणणं, जिची कविता ती येऊन बोलली तर जुन्या निकालाचा पायाच निघतो. तू ये आणि बोल. पुस्तकावर नाव घातलंस, मुलाखतीत छाती पुढे काढलीस, आता एकदा जिथे उपयोग आहे तिथे सांग.

दातवाली


२६ मार्च

मास्तरीण,

तुझं पत्र आलं. लिफाफा विद्यापीठाचा, कागद विद्यापीठाचा, भाषाही विद्यापीठाची. 'कविता एकदा लोकांत गेली की ती लोकांची होते.' वा! मग पुस्तकावर लोकांची नावं का नाहीत? बक्षीस घ्यायला लोक आले होते का? आयजीच्या जिवावर बायजी उदार, ते हेच.

आईची तब्येत नाजूक आहे, तिला धक्का बसेल, हेही कारण दिलंयस. तुझ्या आईला मी ओळखते. तिची कवळी आमच्याच लॅबने केली. मागच्या महिन्यात ती सैल झाली म्हणून आली होती. पिशवीतून तुझं पुस्तक काढून आमच्या मालकांना दाखवलं तिने. वाचलं का, म्हणून मी विचारलं. "वाचलं की," म्हणाली, "मुलीचंच आहे, न वाचून कसं चालेल? सगळं कळत नाही. पण जे कळायचं ते मला तिच्या शाळेत असल्यापासूनच कळलंय." तिला धक्का बसायचा असता तर तेव्हाच बसला असता. तेव्हा आईच्या पदराआड लपू नकोस, तो पदर तेवढा मोठा नाही.

आणि ते पत्रक काढायचं तुझं. तिकडच्या पन्नास लेखकांच्या सह्या घेऊन निषेध. उंटावरून शेळ्या हाकू नकोस. इथल्या कोर्टात तिकडच्या लेखकांना कुत्रं ओळखत नाही.

नियम मोडायचा की नाही यावर आपली बैठक झाली होती, ती तरी आठवते का? नवऱ्याने ठकीला आपल्या आईकडे नेऊन चारच दिवस झाले होते, कोर्ट अजून व्हायचं होतं. कंडक्टर त्याच कपड्यांत आली होती. तू चहाच्या कपात बघत म्हणालीस, "आज एकीसाठी मोडला तर उद्या कुणालाही मोडता येईल." तेव्हा तुझी नोकरी कच्ची होती, पक्की व्हायला थोडे महिने राहिले होते. ते तू बोलली नाहीस, पण खोलीतल्या प्रत्येकीला माहीत होतं. नियम राहू दे म्हणून हात वर करा म्हटल्यावर पहिला हात कंडक्टरचा. तिला वाटलं, आपल्यामुळे दुसरीचं घर मोडायला नको. मग एकेक करून सगळ्यांचे. माझा खाली होता. तू माझ्याकडे पाहिलंस, तेव्हाच मला कळलं की आता आपण एका ताटात जेवणार नाही.

तिची हकिगत विचारली आहेस, म्हणून कळवते. नोकरी आहे. एका बाईबरोबर वाटून खोली घेतलीय. ठकीला महिन्यातून एकदा सरकारी कचेरीत भेटवतात. समोर एक कारकूनबाई बसलेली असते, ती नखं कापत कान इकडे ठेवते. या महिन्यात ठकीने आईला विचारलं, "तुम्ही अजून बसवर असता का?" तुम्ही! पोटच्या पोरीने. आजीने शिकवलंय, परक्या बाईशी आदराने बोलावं. कंडक्टरने तिला "हो, असते" म्हटलं आणि वेळ संपेपर्यंत तिच्याशी छान गप्पा मारल्या. मग घरी आली, चपला न काढता पलंगावर बसली आणि भिंतीकडे बघत राहिली. मी चहा केला तो तसाच गार झाला.

तू येणार आहेस की नाही, एवढं लिही. बाकी सुविचार नकोत.


१७ एप्रिल

हो. माझ्याच पलंगावर. तुझं लक्ष अशा गोष्टींवर बरोबर जातं. बाकी मी ठकीबद्दल लिहिलं ते तुला दिसलं नाही.

'मग तूच का जात नाहीस साक्षीला? कविता तुझ्यावर आहे.' बिनतोड सवाल केलास असं वाटलं असेल तुला. नवऱ्याने घराबाहेर काढल्यावर तिला माझ्या खोलीत मी आणलं. दोन वर्षं ती खाली गादी टाकून झोपायची. मी वर, ती खाली, मध्ये दोघींच्या चपला. ती माझ्याकडे बहिणीसारखी राहत होती, आणि मी तिच्याकडे बहिणीसारखं पाहत होते असं मी स्वतःला सांगत होते. मग एकदा ताप आला मला. ती रजा काढून बसली. पुढचं तुला सांगायची गरज नाही, आणि सांगणारही नाही. तू त्याची कविता करशील.

लोक आधी गुन्हा करतात, मग शिक्षा भोगतात. हिचं उलटं झालं. शिक्षा भोगून झाल्यावर तिला तो गुन्हा करायला मिळाला. ती स्वतःच हसून म्हणते, "शिक्षा फुकट नको जायला." मला त्यात हसू येत नाही.

आता कळलं मी का जात नाही? मी उभी राहिले की पहिला प्रश्न येईल, बाई, तुम्ही राहता कुठे? आणि दोघींचा पत्ता एकच. आम्ही शेजाऱ्यांना मावसबहिणी सांगितल्यात. वकीलबाईंनाही तेच. तेव्हाच्या तेव्हा मी सगळं सांगून टाकणार होते, त्या जुन्या निकालाच्या आधी, तर तिनेच मला बजावलं, "तू बोललीस तर मी कोर्टात तुला खोटी म्हणेन." तेव्हा ती मला नीट ओळखतही नव्हती. नियम म्हणजे नियम. तुझ्या नियमावर तुझ्यापेक्षा तिने जास्त विश्वास ठेवला, हीच तिची चूक.

मला ती हवी आहे आणि तिला ठकी हवी आहे. आणि ठकी आली तर आम्ही तिघी राहू, असं मी मनात घर मांडून बसलेय. पलंगाच्या बाजूला एक छोटा पलंग मावतो का ते मापून झालं. मावतो, कपाट दाराआड सरकवलं तर. हे तुला का सांगतेय? कारण दुसऱ्या कुणाला सांगता येत नाही. हसू आलं तर हस.


१० मे

मास्तरीण,

पडद्यावरून साक्ष देईन म्हणालीस, वकीलबाईंनी तशी परवानगीही काढली. बरं केलंस. मी काल रात्रभर शांत झोपले. आभार मानायची मला सवय नाही आणि तुझे मानायला जीभ वळत नाही, पण हे लिहिलंय ते तूच काय ते समज.

इथे आणखी एक संकट उभं राहिलं होतं. तू साक्ष देणार हे नर्सला कळलं. गट आता तीच चालवते. सायकलच्या दुकानावरची खोली सुटली, आता संस्थेचं ऑफिस आहे, खुर्च्या आहेत, भिंतीवर फलक आहेत. ती आमच्या घरी आली आणि उभ्या उभ्याच म्हणाली, "हा खटला आपण चळवळीचा करू या. कोर्टाबाहेर शंभर बायका उभ्या करते. हातात फलक, आणि फलकावर तीच कविता."

कंडक्टर कपडे वाळत घालत होती. "किती बायका?"

"शंभर तर कुठेच नाही गेल्या."

"त्यांतल्या किती जणींची पोरं घरी आहेत?"

नर्सला राग आला. म्हणाली, "हा तुझ्या एकटीचा प्रश्न नाही. तुझ्यासारख्या कितीतरी आहेत."

"असतील. त्यांची वेळ आली की मी येईन, आवाज देईन. आत्ता मला मुलगी हवीय, मोर्चा नकोय."

"तू बदललीस," नर्स म्हणाली. "तेव्हा पहिला हात तुझा होता."

कंडक्टरने चादर पिळली ती अशी पिळली की मला वाटलं, तिला नर्सची मानच दिसतेय. नर्स गेल्यावर मला म्हणाली, "चुकीचं नाही बोलली ती. पण आज मला बरोबर असायचं नाहीये." मला नर्सचा संताप आला. या बायकांना माणूस नको, फलकावर चढवायला चेहरा हवा. तुला कविता हवी असते तसंच.

आता नीट ऐक. कोर्टात तू तीन वाक्यं बोलायचीस. कविता माझी आहे. आमच्या गटाचा नियम असा होता, म्हणून ती बाईंनी वाचली. बाईंचा त्या कवितेतल्या गोष्टीशी काही संबंध नाही. झालं. नवऱ्याचा वकील उलट विचारेल, कुणावर लिहिली, काय म्हणून लिहिली. तू म्हणायचंस, खाजगी आहे. वकीलबाई हरकत घेतील आणि प्रश्न तिथे संपेल. माझं नाव, माझा धंदा, माझी नखं, काही नाही. मी मागच्या बाकावर बसणार आहे, तिकडे बघायचंही नाही.

तू तीन वाक्यांत कधी थांबली नाहीस, हे मला माहीत आहे. या वेळी थांब.


२ जून

हे तू काय लिहिलंयस? 'मी आयुष्यभर अर्धवट सत्य जगले, आता शपथेवर अर्धवट सत्य सांगणार नाही.' कुणाचं आयुष्य गं? तुझं अर्धवट सत्य ठकीने भोगलंय. आता पूर्ण सत्यही तिनेच भोगायचं का?

सत्याची हौस असेल तर तिकडे सभागृह भाड्याने घे आणि सांग. लोक उभं राहून टाळ्या वाजवतील. इथे समोर एक बाई बसलेली असेल, ती ठरवणार आहे की एक पोर कुणाच्या घरी झोपेल. ती काही तुझी वाचक नाही.

मी कधी तुझ्यापुढे हात पसरले नाहीत. तू निघालीस तेव्हाही नाही, जिन्यात सामान ठेवून तू वाट पाहत होतीस की ही रडेल, तेव्हा मी आत भांडी घासत होते. आज पसरते. पाया पडते. माझ्याबद्दल बोलू नकोस. मला तुझी माफी नको, तुझं प्रेम नको, मला कवितेतून बाहेर काढ आणि तिथेच ठेव. एवढं केलंस तर तुझ्याविरुद्ध माझ्या मनात जे काही आहे ते सगळं सोडून देईन. खरंच देईन.

उत्तर पाठवू नकोस, वेळ नाही. फक्त कर.


२९ जून

मास्तरीण,

'कसं झालं? माझ्यामुळे मदत झाली ना?' तुझा निरोप वकीलबाईंच्या मार्फत आला. खरंच, तुला कसं कळणार? तुझं बोलणं झाल्यावर तुझा पडदा बंद केला. तू तिकडे उठून कॉफी करायला गेली असशील. राहिलेलं मी सांगते.

छान दिसत होतीस. मागे पुस्तकांचं कपाट, खांद्यावर शाल. पहिली तीन वाक्यं तू अगदी नीट बोललीस. माझ्या शेजारच्या बाकावर ठकीची आजी होती, ती हातातला रुमाल दाताखाली धरून बसली होती, तिलाही कळलं की खेळ संपला. न्यायाधीशबाईंनी मान हलवली आणि काहीतरी लिहून घेतलं. कंडक्टरचे खांदे मला पाठीमागून दिसत होते. ते जरा खाली आले. किती वर्षांनी खाली आले असतील!

मग नवऱ्याच्या वकिलाने विचारलं, "बाई, हे सगळं कल्पनेने लिहिता, की काही आधार असतो?" साधा माणूस होता, हरलेला खटला संपवायचा म्हणून विचारत होता. त्याला काही माहीत नव्हतं. आमच्या वकीलबाई हरकत घ्यायला उठतायत तोवर तू सुरू झालीस. "माझी एकही ओळ कल्पनेची नाही. मी एका बाईवर प्रेम केलं. ती आत्ता तुमच्याच खोलीत आहे, मागच्या बाकावर. ती घाबरते, मी आता घाबरत नाही."

तू हसत होतीस. डोळ्यांत पाणी होतं तुझ्या. तुला वाटलं असेल, मी आता उठेन आणि म्हणेन, हो, मीच ती. सगळ्या खोलीने मागे वळून पाहिलं. कंडक्टर सोडून. तिच्या नवऱ्याने माझ्याकडे पाहिलं आणि मला ओळखलं, कारण ठकीच्या भेटीनंतर तिला न्यायला मी कचेरीच्या दारात उभी असायची. तो वकिलाच्या कानाला लागला. वकिलाने माझा पत्ता विचारला. मी सांगितला. शपथेवर नव्हते, खोटं सांगू शकले असते, पण काय सांगणार होते? सगळी चौकशी पाच मिनिटांत झाली असती. त्याने तो पत्ता कंडक्टरच्या कागदांशी ताडून पाहिला आणि न्यायाधीशबाईंपुढे ठेवला. एक शब्दही जास्त बोलला नाही. त्याची गरजच नव्हती.

न्यायाधीशबाई वाईट नव्हत्या. त्या वाईट असत्या तर मला आज शिव्या द्यायला कुणीतरी मिळालं असतं. त्या पाणी प्यायल्या आणि कंडक्टरला म्हणाल्या, "कविता तुमची नाही हे मला पटलं आहे. तेव्हा तुमच्यावर अन्याय झाला, हेही मी लिहिणार आहे. मुलगी तुमच्याकडे द्यायला माझी ना नाही. पण मग घर बदलावं लागेल. आणि या बाईंशी तुमचा काही संबंध राहणार नाही, मुलीचा तर नाहीच, हे तुम्ही मला इथे सांगा. विचार करायला वेळ हवा असेल तर देते."

"वेळ नको," कंडक्टर म्हणाली. "संबंध राहणार नाही."

लिहून घेणाऱ्या माणसाला तिला पुन्हा विचारावं लागलं नाही. आणि मी तुला सांगते, तिच्या जागी मी असते तर मीही तेच केलं असतं, तेही तिच्याआधी. ती मागे वळली नाही, याबद्दल मी तिची ऋणी आहे. वळली असती तर मी काय केलं असतं कुणास ठाऊक.

दुसऱ्या दिवशी मी लॅबमध्ये असताना ती येऊन सामान घेऊन गेली. माझी एक साडी चुकून तिच्या कपड्यांत गेलीय, ती परत आणून देता यायची नाही तिला, दिली तर संबंध होईल. कपाट मी पुन्हा मूळ जागी लावलं. नर्सचा फोन आला होता, निषेध सभा घेऊ का म्हणून. मी म्हटलं, घ्या, पण मला बोलावू नका. तिने विचारलं, तिथे कविता वाचली तर चालेल ना? मी फोन ठेवला.

तू खोटं बोलली नाहीस, मास्तरीण. तुझं सगळं खरं होतं. मला तुझा तिरस्कार वाटतो, आणि यात तुझी चूक काय, असं कुणी विचारलं तर मला धड सांगताही यायचं नाही. लोक म्हणतील, किती धीट बाई आहे. पुढच्या पुस्तकात तू हे घेशीलच. घे. नाव घालायला आता कुणाची मनाई नाही. या पत्राला उत्तर लिहू नकोस, लिहिलंस तर मी ते न फोडता भट्टीत टाकीन. लॅबमध्ये भट्टी दिवसभर चालू असते.

एक गोष्ट तेवढी सांगायची राहिली.

हुकूम झाल्यावर ठकीला आतल्या खोलीतून बाहेर आणलं. उंच झालीय, आईवर गेलीय. पाठीला दप्तर, हातात कपड्यांची पिशवी. मी लगेच निघायला हवं होतं, पण कोर्टाच्या त्या लांब बोळात गर्दी होती आणि मी पाण्याच्या नळापाशी अडकले होते. त्या दोघी समोरूनच आल्या. मागे चार पावलांवर नवरा आणि त्याचा वकील. ठकीने मला ओळखीचं काहीतरी आठवावं तसं पाहिलं. कचेरीच्या दारात पाहिलं असेल कधी. ती थांबली आणि आईचा हात ओढून म्हणाली, "ह्या कोण?"

कंडक्टरने माझ्याकडे पाहिलं. एकदाच. मग वकिलाकडे. आणि म्हणाली, "कोर्टातल्या असतील कुणी."

ठकी माझ्याकडे पाहतच होती. मी म्हटलं, "बाहेर जायचा जिना उजवीकडे आहे."

"थँक्यू," ठकी म्हणाली. आणि त्या उजवीकडे वळल्या.